तिवस, सांदन, उज्जैनकर: एकाच झाडाची तीन नावं आली कुठून?

नागपूरहून अमरावतीकडे निघालं की वाडी, बाजारगाव, कोंढाळी, कारंजा, तळेगाव मागे पडतात आणि तिवसा येतं. तालुक्याचं ठिकाण, विधानसभेचा मतदारसंघ. निवडणुकीच्या दिवसांत हे नाव पेपरात रोज छापून येतं. पुढचंच मोझरी, राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचं गुरुकुंज, त्यामुळे एसटीतल्या निम्म्या लोकांना हा रस्ता पाठ असतो. पण तिवसा म्हणजे काय, असं विचारलं तर बहुतेक जण गप्प होतात. वडगाव म्हटलं की वड दिसतो, पिंपळगाव म्हटलं की पिंपळ दिसतो. तिवसा म्हटलं की काहीच दिसत नाही, कारण ते झाडच आपल्या ओळखीतून गेलं आहे.

तिवस हे झाडाचं नाव आहे. याच झाडाला शिवनी-बालाघाटकडे तिन्सा म्हणतात, लाकडाच्या व्यापारात सांदन म्हणतात, मराठीतच कुठे कुठे काळा पळस म्हणतात. संस्कृत ग्रंथांत ते तिनिश आहे. शास्त्रीय नाव आहे ओजिनिया ओजेनेन्सिस. इतकी नावं पाहून माणूस बावचळतो आणि झाडं दोन आहेत की चार, अशी शंका घेतो. झाड एकच आहे. नावं वेगवेगळ्या वाटांनी आली आहेत, आणि प्रत्येक वाट नीट दाखवता येते.

आधी झाड पाहू या

तिवस मध्यम उंचीचं, पानझडी झाड. विदर्भात साग, ऐन, धावडा, मोहा यांच्या मिश्र जंगलात ते अधूनमधून उभं असतं, घोळक्याने क्वचितच. उंची बहुधा ६ ते १२ मीटर. खोड सरळसोट जात नाही. थोडं वर जाऊन वळतं, पुन्हा वळतं. हे वळण लक्षात ठेवा, पुढे त्याचं काम आहे.

पान तीन पर्णिकांचं, म्हणजे एका देठावर तीन छोटी पानं. पळसासारखंच, 'पानं तीन'. म्हणूनच काळा पळस हे नाव पडलं. पण पळसाची पर्णिका तळहातापेक्षा मोठी आणि गोलसर असते, द्रोण-पत्रावळीला चालेल अशी. तिवसाची लहान, चामड्यासारखी जाड, कडेने किंचित लहरी. मधली पर्णिका बाजूच्या दोघींपेक्षा मोठी असते.

खरा फरक फुलात आणि शेंगेत दिसतो. पळस केशरी पेटतो. तिवसाची फुलं बारीक, फिकट गुलाबी-पांढरी, निष्पर्ण फांद्यांवर गुच्छांनी येतात, आणि मधमाश्यांची त्यावर झुंबड असते. पळसाच्या चपट्या शेंगेत टोकाला एकच बी असतं. तिवसाची शेंग बोटाएवढी, चपटी, आणि दोन ते पाच पेरांची. दोन पेरांमधला सांधा डोळ्यांना स्पष्ट दिसतो. पेराची शेंग दिसली की शंका उरत नाही.

दोघांच्याही सालीला चीर दिली की लालसर रस येतो आणि वाळून त्याचा डिंक होतो. त्यामुळे 'लाल डिंक आला म्हणजे पळसच' हा ठोकताळा इथे फसतो.

नाव पडण्याच्या तीन वाटा

माणसाची नावं कशी पडतात ते आठवा. एक घरचं नाव असतं, बाळू किंवा बबी. ते कुणी ठेवलं, त्याचा अर्थ काय, हे घरच्यांनाही सांगता येत नाही. दुसरं कामावरून पडतं: सुतार, लोहार, कासार. तिसरं गावावरून: अकोलकर, चांदूरकर. एकाच माणसाला तिन्ही असू शकतात.

तिवस, तिन्सा, तिनिश हे या झाडाचं घरचं नाव. सांदन हे कामावरून पडलेलं. ओजेनेन्सिस हे गावावरून. एवढं मनात धरलं की पुढचं सगळं सोपं आहे.

घरचं नाव: तिनिशचं तिवस कसं झालं?

संस्कृत पलाश, मराठीत पळस. संस्कृत तिनिश, मराठीत तिवस. दोन्ही शब्दांची शेवटची अक्षरं बघा. 'श'चा 'स' झाला आहे. मराठीत हे नेहमी होतं. मधली 'इ' विरली आणि 'अ' झाली, तेही नेहमीचं.

अडतं ते मधल्या 'न'पाशी. तिनिशमधला 'न' जाऊन तिवसमध्ये 'व' कसा आला? मराठीत 'न'चा 'व' सहसा होत नाही. 'म'चा मात्र सर्रास होतो: ग्रामचं गाव, नामचं नाव, आमलकचं आवळा, भ्रमरचं भोवरा. म्हणून तिनिश आणि तिवस यांच्या मध्ये 'तिमिस' असा 'म'वाला उच्चार धरावा लागतो. 'न' आणि 'म' दोन्ही नाकातून निघणारे वर्ण आहेत आणि बोलताना एकाच्या जागी दुसरा सहज येतो. हिंदीच्या बाजूला 'न' टिकला, म्हणून तिकडे तिन्सा. मराठीच्या बाजूला तो पुढे सरकला, म्हणून इकडे तिवस. नागपूर या दोन्हींच्या सीमेवर आहे. इथल्या जंगलात दोन्ही नावं ऐकू येतात आणि दोन्ही बरोबर आहेत. तिन्सा म्हणणाऱ्याला 'शुद्ध नाव तिवस' असं सांगून दुरुस्त करायला जाऊ नये.

मग तिनिशचा अर्थ काय? इथे एक गोष्ट स्पष्टपणे सांगायला हवी. प्रत्येक संस्कृत शब्दाची धातू-प्रत्यय अशी सरळ फोड होते, ही समजूत चुकीची आहे. जंगलातल्या झाडांची पुष्कळ नावं अशी आहेत की ती जंगलात राहणाऱ्यांच्या तोंडून ग्रंथांत आली असावीत. ग्रंथ लिहिणाऱ्याने झाड पाहिलं, लोक काय म्हणतात ते ऐकलं आणि लिहून घेतलं. तिनिश याच जातीचा शब्द दिसतो. तो 'अमुक झाड' एवढंच सांगतो. ओढूनताणून त्याला अर्थ चिकटवण्यात काही मिळत नाही.

त्याचं वय मात्र मोठं आहे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात जंगलातल्या मालावर देखरेख ठेवणाऱ्या अधिकाऱ्याचं प्रकरण आहे. त्यात कठीण, टिकाऊ लाकडांची यादी येते. तिची सुरुवात अशी: शाक, तिनिश, धन्वन, अर्जुन, मधूक. आपल्या भाषेत साग, तिवस, धामण, अर्जुन, मोहा. नागपूरच्या कुठल्याही बाजूच्या जंगलात ही पाच झाडं आजही सापडतात. सागाच्या पाठोपाठ दुसरा मान तिवसाचा आहे, हे विसरू नये. सुश्रुतसंहितेतही सालसारादी गणात, म्हणजे ज्यांचा आतला कठीण गाभा औषधात घेतात अशा झाडांच्या गटात, तिनिश आहे.

कामावरचं नाव: सांदन म्हणजे रथ

'सांदन' ऐकलं की पुष्कळांना चंदन आठवतं आणि एकाचा अपभ्रंश दुसरा असेल असं वाटतं. तसं नाही. अमरकोशात तिनिशाची सात नावं एका ओळीत दिली आहेत: तिनिश, स्यंदन, नेमी, रथद्रू, अतिमुक्तक, वंजुल, चित्रकृत्. यातल्या तीन नावांकडे बघा. स्यंदन म्हणजे रथ. गीतेच्या पहिल्याच अध्यायात पांढरे घोडे जोडलेल्या 'महति स्यन्दने', मोठ्या रथात, कृष्ण आणि अर्जुन बसले आहेत. तोच हा शब्द. मूळ धातू स्यंद्, म्हणजे वाहणं, धावणं. नेमी म्हणजे चाकाचा घेर. रथद्रू म्हणजे रथाचं झाड. सातातली तीन नावं एकाच कामाकडे बोट दाखवतात.

स्यंदनचं सांदन होणं अगदी रुळलेल्या वाटेने झालं. सुरुवातीच्या 'स्य'मधला 'य' गळतो. श्यामलचं सावळा होतं तसा. मग अनुनासिकाच्या आधीचा 'अ' लांबतो: चंद्रचं चांद, बंधचं बांध, स्कंधचं खांदा. त्याच चालीने संदनचं सांदन. लाकडाच्या वखारीत 'सांदन' म्हणणारा माणूस नकळत 'रथ' म्हणत असतो.

पण रथाला हेच लाकूड का? इथे चाकाजवळ थोडं बसून बघायला हवं. नाव खरं आहे का, याचा पुरावा चाकातच आहे.

आपल्या बंडीचं, म्हणजे बैलगाडीचं, जुनं लाकडी चाक घ्या. मध्ये तुंबा, तो आसाभोवती फिरतो. तुंब्यातून आरे निघतात. आऱ्यांची बाहेरची टोकं पुठ्ठ्यांत बसतात. पुठ्ठा म्हणजे घेराचा कमानीसारखा एक तुकडा. चाकाला बारा आरे असतील आणि एका पुठ्ठ्यात दोन आरे बसत असतील, तर सहा पुठ्ठ्यांनी घेर पुरा होतो. हा घेर म्हणजेच संस्कृतातली नेमी. त्यावरून लोखंडी पट्टी चढते, तिला धाव म्हणतात.

धाव बसवताना ती घेरापेक्षा किंचित लहान ठेवतात. गोवऱ्यांच्या आगीत तापवली की ती पसरते. हिशेब करून बघा: चार मीटर घेराची लोखंडी पट्टी ५०० अंश सेल्सिअसने तापली, तर साधारण २४ मिलिमीटरने लांब होते. एवढ्या फटीत ती लाकडावर चढते आणि वरून पाणी ओतलं की आवळते. सगळे सांधे एकदम घट्ट बसतात. धाव फार लहान ठेवली तर आवळताना आरे वाकतात आणि चाक एका बाजूला फुगतं. फार मोठी ठेवली तर पहिल्या उन्हाळ्यातच ढिली होते. विदर्भाच्या ४५ अंशांच्या मे महिन्यात लाकूड सुकून आकसतं आणि चाक खडखडू लागतं. म्हणून चाकं नदीत नाहीतर डबक्यात भिजत ठेवण्याची पद्धत होती.

या सगळ्यात सर्वांत जास्त मार पुठ्ठा खातो. आतून आरा ढकलतो, बाहेरून धाव आवळते, खालून दगड हाणतो. सरळ फळीतून कमानीचा तुकडा कापला तर लाकडाची रेघ त्याच्या दोन्ही टोकांशी आडवी तुटते आणि नेमका तिथेच पुठ्ठा चिरतो. तिवसाचं लाकूड इथे दोन गुणांनी जिंकतं. एक, त्याच्या रेघा एकमेकींत गुंतलेल्या असतात, त्यामुळे ते सहजासहजी चिरत नाही आणि धक्का बसला तरी मोडण्याऐवजी तो जिरवतं. वजनही भरीव: वाळलेल्या सागाचा घनमीटर साधारण ६५० किलोचा, तिवसाचा ८०० किलोच्या पुढे. दुसरा गुण म्हणजे ते वळलेलं खोड. घराच्या तुळईला ते कुचकामी, कारण लांब सरळ लाकूड निघत नाही. पण कमान जर झाडातच तयार असेल, तर सुताराला रेघ न तोडता पुठ्ठा काढता येतो. जो दोष बांधकामात, तोच गुण चाकात. 'नेमी' हे नाव ज्याने ठेवलं, त्याने हे लाकूड हाताळलेलं होतं.

चाकाशिवाय जू, दांड्या, नांगराचे भाग, कुऱ्हाडीचे दांडे यांनाही तिवस चालतो. सारखा धक्का खाणारी कामं सगळी.

गावावरचं नाव: उज्जैनकर

शास्त्रीय नावाचे दोन शब्द असतात. पहिला शब्द प्रजातीचा, म्हणजे जवळच्या नात्यातल्या झाडांच्या कुळाचा; तो आडनावासारखा. दुसरा जातीचा, म्हणजे त्या एका झाडाचा. दुसऱ्या शब्दाच्या शेवटी 'एन्सिस' हा लॅटिन प्रत्यय आला, तर तो आपल्या '-कर'सारखा वाचावा. ओजेनेन्सिस म्हणजे उज्जैनकर.

कोलकात्याच्या वनस्पती उद्यानाचे प्रमुख विल्यम रॉक्सबर्ग यांनी या झाडाला हे जातीचं नाव दिलं. शिसवाच्या प्रजातीत ठेवून त्यांनी ते 'डालबर्जिया ओजेनेन्सिस' म्हणून नोंदवलं. रॉक्सबर्ग १८१५ साली वारले. ही नोंद असलेला त्यांच्या मोठ्या ग्रंथाचा खंड १८३२ साली छापला गेला. पुढे १८५२ साली जॉर्ज बेंथॅम या इंग्रज शास्त्रज्ञाने हे झाड शिसवापासून वेगळं काढलं आणि त्याला स्वतंत्र प्रजाती दिली. तिचं नाव पुन्हा उज्जैनवरूनच ठेवलं: ओजिनिया. त्या काळी युरोपीय लोक आपल्या गावांची नावं कानाला येतील तशी लिहीत. म्हणून रोमन लिपीत पहिला शब्द 'ओ-यू-जी' असा सुरू होतो आणि दुसरा 'ओ-ओ-जे' असा. दोन वेगळी स्पेलिंगं, गाव एकच. संपूर्ण नावाचा अर्थ 'उज्जैनी उज्जैनकर' असा होतो.

बेंथॅमने मात्र दुसरा शब्दही बदलला आणि 'शिसवासारखा' या अर्थाचा नवा शब्द घातला. वनस्पतिशास्त्रात नियम असा की झाडाची प्रजाती बदलली, तरी जातीचं सर्वांत जुनं वैध नाव त्याच्याबरोबर जातं. लग्नानंतर आडनाव बदललं तरी बारशाचं नाव तेच राहावं, तसं. त्या नियमाने रॉक्सबर्गचा 'उज्जैनकर' परत आला.

१९७३ साली जपानी शास्त्रज्ञ ओहाशी यांनी पेराच्या शेंगेवरून आणि इतर लक्षणांवरून हे झाड 'डेस्मोडियम' प्रजातीत नेलं. ही प्रजाती आपल्याला दुसऱ्या एका वनस्पतीमुळे माहीत आहे: दशमुळातली शालपर्णी. गुडघाभर उंचीची शालपर्णी आणि रथाला चाकं देणारा तिवस नात्यात, हे ऐकून आश्चर्य वाटतं, पण दोघांच्या शेंगा शेजारी ठेवल्या की नातं दिसतं. आज काही पुस्तकांत ओजिनिया सापडेल, काहींत डेस्मोडियम. दुसरा शब्द उज्जैनचा असेल तर दोन्ही नावं एकाच झाडाची समजावी.

'उज्जैनचं झाड, मग आपल्याकडे कसं?'

ही शंका साहजिक आहे. शास्त्रीय नावातलं गाव म्हणजे झाडाचं मूळ घर, असा त्याचा अर्थ होत नाही. तिवस हिमालयाच्या पायथ्यापासून मध्य भारतातून दख्खनपर्यंत पसरलेला आहे. नाव देणाऱ्याच्या मनात जे गाव त्या झाडाशी जोडलेलं होतं, ते नावात बसलं, एवढंच. नागपुरी संत्री काटोल-नरखेड-वरुडच्या बागांतून येतात, पण ओळख नागपूरची लागली, तसंच हे. विदर्भातला तिवस बाहेरून आणलेला नाही.

'तिवसा गावाचं नाव या झाडावरूनच पडलं कशावरून?'

गावाच्या नावाबद्दल बोलताना जपून बोलावं. तिवसा हे नाव झाडावरून पडलं असण्याची शक्यता सर्वांत मोठी, एवढं म्हणता येतं. त्याची कारणं अशी. विदर्भात झाडाच्या नावाला 'आ' जोडून गाव करण्याची रीत आहे: हिवरपासून हिवरा, पिंपळपासून पिंपळा, कवठपासून कवठा. तिवसपासून तिवसा त्याच साच्यात बसतो. झाड या भागातलं आहे. आणि बंडीच्या काळात चाकाचं लाकूड देणारं झाड गावाला नाव देण्याइतकं महत्त्वाचं होतंच. उलट 'तीन वस्त्या, म्हणून तिवसा' असं कुणी म्हटलं, तर विचारावं: मग 'तीन'चा 'ति' होऊन वस्तीचा 'त' कुठे गेला? साचा जुळत नाही.

शेजारची दोन नावं ताडून बघण्यासारखी आहेत. नागपूरहून जबलपूरच्या रस्त्याला शिवनी लागतं. ते नाव शिवण या झाडावरून आलं असं तिथे सांगतात. भगवान शंकरावरून आलं असंही सांगतात. झाड विसरलं गेलं की जागा देव घेतो, हे पुष्कळ गावांच्या नावांत घडतं. दुसरं नाव खुद्द अमरावती. तिचं जुनं नाव औदुंबरावती, त्यावरून उंबरावती, अशी परंपरा आहे. पुढे तिचं अमरावती होऊन थेट इंद्राची नगरी झाली. पण एकोणिसाव्या शतकात वऱ्हाडचा कापूस मुंबई-लिव्हरपूलच्या बाजारात 'ऊमरा' या नावाने विकला जात होता. लोकांच्या तोंडी उमरावती होतं, याची ही बाजारातली साक्ष. व्यापारातलं नाव कधी कधी पोथीपेक्षा जास्त सांगतं, आणि गावाचं नाव शोधणाऱ्याने जुन्या मालाच्या नोंदी चाळायला विसरू नये.

एक घोटाळा टाळा. तिवर वेगळा आणि तिवस वेगळा. तिवर हे कोकणच्या खाडीकाठी खाऱ्या चिखलात वाढणारं कांदळवनातलं झाड. नावात फरक एकाच अक्षराचा, बाकी काहीच सारखं नाही.

'नाव काहीही म्हणा, झाड एकच ना?'

झाड एकच, पण नावं एकमेकांत मिसळलेली असली की चुकीचं झाड हातात येतं. अमरकोशातली ती सात नावं पुन्हा बघा. 'अतिमुक्तक' हे नाव माधवीलतेलाही आहे, आणि ती चक्क वेल. 'वंजुल' हे नाव त्याच कोशात वेत या वनस्पतीलाही दिलं आहे आणि अशोकालाही. जुन्या ग्रंथात 'वंजुल' वाचून कुणी औषध करायला बसला, तर त्याच्यापुढे तीन वेगळ्या वनस्पती उभ्या राहतात. संदर्भ न पाहता नाव उचललं की असं होतं. तिवसाच्या बाबतीत ही चूक महाग पडू शकते, कारण त्याची साल ठेचून पाण्यात टाकून मासे गुंगवण्याची रीत होती. डिंक आतड्याला आवळणारा म्हणून जुलाबावर वापरला जाई, हे खरं आहे. पण म्हणून घरच्या घरी प्रयोग करू नये. वैद्याला झाड दाखवून, नाव पक्कं करूनच काय ते विचारावं.

रोपवाटिकेतही हेच होतं. 'काळा पळस' अशी मागणी केली तर साधा पळस मिळण्याची शक्यता जास्त. म्हणून तिवस लावायचा असेल तर बी आपणच ओळखून घ्यावं. शेंगा मे-जूनमध्ये पिकतात आणि आपोआप उकलत नाहीत. त्या पेरापेराने मोडायच्या, एका पेरात एक बी. साध्या पाण्यात २४ तास भिजवून पावसाच्या तोंडावर पिशवीत किंवा वाफ्यात पेरायच्या. या उन्हाळ्याचं बी याच पावसाळ्यात वापरलेलं बरं, ठेवलेल्या बियांचा जोर कमी होत जातो. पाणी साचणाऱ्या काळ्या मातीत रोप कुजतं. उताराची, निचऱ्याची, मुरमाड जमीन त्याला मानवते. मोठं झाल्यावर त्याच्या मुळांतून पुष्कळ फुटवे येतात. उतारावरची माती धरून ठेवायला हे उत्तम, नाल्याच्या काठावर तर फारच. मात्र अंगणातल्या फरशीजवळ किंवा पाइपलाइनवर लावू नये.

नाव पडताळायचं कसं?

जंगलातल्या गावात नाव विचारताना 'याला तिवस म्हणतात ना?' असं कधीच विचारू नका. समोरचा माणूस पाहुण्याचं मन मोडू नये म्हणून 'हो' म्हणतो आणि तुमची नोंद तिथेच बिघडते. 'काकाजी, याले तुमच्याकडे काय म्हणतात?' एवढंच विचारा आणि थांबा. दोन-तीन जणांना वेगवेगळं विचारा. उच्चार ऐकाल तसाच लिहा, तिनसा असेल तर तिनसा, स्वतः सुधारू नका. 'न' आणि 'व'चा जो प्रवास वर पाहिला, तो अशाच न सुधारलेल्या नोंदींमुळे हाती लागतो. नावाबरोबरच 'हे कशाच्या कामी येतं?' हेही विचारा. जुना सुतार भेटला तर तो चाकाचं, जूचं नाव काढेल, आणि तो धागा कोशातल्या 'नेमी'पर्यंत जातो.

राखीव जंगलात परवानगीशिवाय फांदी तोडता येत नाही, म्हणून फोटो घ्या: पानाची वरची आणि खालची बाजू, साल, फूल, आणि शेंग. शेजारी मापासाठी पट्टी किंवा नाणं ठेवा, म्हणजे आकार कळतो. स्वतःच्या शेतातलं झाड असेल तर पान आणि फूल किंवा शेंग असलेली हातभर डहाळी कापून वर्तमानपत्राच्या घड्यांत दाबून ठेवा, वर वजन. पहिले चार-पाच दिवस कागद रोज बदला, पावसाळ्यात दिवसातून दोनदा, नाहीतर बुरशी चढते आणि पानं काळी पडतात. नुसती पानाची डहाळी आणली तर ओळख पक्की करणं अवघड जातं.

चिठ्ठीवर झाडाचं ऐकलेलं नाव, सांगणाऱ्याचं गाव, तारीख, जमीन कशी होती ते, आणि वाळल्यावर जो जातो तो फुलांचा रंग लिहा. मग ती डहाळी विद्यापीठाच्या किंवा कॉलेजच्या वनस्पतिशास्त्र विभागात दाखवा. फुलं बघायची असतील तर पळस फुलतो तेव्हाच, फेब्रुवारी-मार्चपासून निघा. सगळ्यांची नजर केशरी झाडांवर असते. त्यांच्या मागे, उतारावर, वाकड्या खोडाचं आणि फिकट गुलाबी गुच्छांचं झाड दिसलं तर गाडी थांबवा. आणि मे महिन्यात त्याच झाडाखाली पेराच्या शेंगा शोधायला परत या.